श्रॉपशायरचा जमीनदार, वैनगंगेचा कारभारी

भंडारा हे जिल्ह्याचे ठिकाण झाले १८२०-२१ च्या सुमारास. त्याआधी वैनगंगेकाठच्या या मुलखाचा कारभार लांजीहून चाले. लांजी आज मध्य प्रदेशातल्या बालाघाट जिल्ह्यात आहे. नागपूरकर भोसल्यांच्या राज्यात कचेरी लांजीहून उचलून भंडाऱ्यात आणली गेली, त्या वर्षांत गादीवर बारा-तेरा वर्षांचा राजा होता आणि त्याच्या नावाने राज्य चालवणारा माणूस नागपुरात सीताबर्डीच्या पायथ्याशी राहत होता. त्याचे नाव रिचर्ड जेन्किन्स. नागपूरच्या इतिहासात तो ‘रेसिडेंट’ म्हणून येतो, सीताबर्डीच्या लढाईत दिसतो आणि आप्पासाहेबांना कैद करून बाजूला होतो. बहुतेक पुस्तके त्याला तिथेच सोडून देतात. पण हा माणूस मायदेशी वडिलोपार्जित इस्टेटीचा वारस होता आणि पुढे ब्रिटिश पार्लमेंटचा सभासद झाला. शेवटी तर तो ईस्ट इंडिया कंपनीचा अध्यक्षही झाला. भंडाऱ्याच्या शेतीची, पाटलांची आणि पट्ट्यांची गोष्ट समजून घ्यायची असेल तर त्याला बिकटनपासून ओळखायला हवे.

बिकटन हे इंग्लंडच्या पश्चिमेला, वेल्सच्या सीमेलगत, श्रॉपशायर परगण्यातले गाव. परगण्याचे मुख्य शहर श्रूजबरी तिथून जवळच. जेन्किन्स घराण्याचा वाडा बिकटनला होता. रिचर्डचा जन्म मात्र शेजारच्या क्रक्टनचा, १८ फेब्रुवारी १७८५चा. वडिलांचेही नाव रिचर्डच. आई कॉन्स्टन्शिया ही रेक्सहॅमच्या जॉर्ज रेव्हन्सक्रॉफ्टची मुलगी. रिचर्ड थोरला मुलगा, आणि इंग्लंडमधल्या रिवाजाप्रमाणे जमीन थोरल्याकडेच जाते. हिंदुस्थानात पोट भरायला सहसा धाकटे मुलगे येत. हा वारस असूनही आला. मध्यम प्रतीच्या जमीनदाराला केवळ कुळांच्या खंडावर इभ्रत राखणे सोपे नसते, आणि कंपनीच्या नोकरीत दहा-वीस वर्षे काढली तर इस्टेटीला मोठा टेकू मिळतो, हा हिशेब त्या काळी त्या भागात सगळ्यांना पाठ होता. रॉबर्ट क्लाइव्ह श्रॉपशायरचाच. प्लासीची लूट घेऊन तो परतला, जमिनी घेतल्या आणि १७६१ पासून मरेपर्यंत श्रूजबरीचा प्रतिनिधी म्हणून पार्लमेंटात बसला. जेन्किन्सच्या पिढीतल्या मुलांपुढे हा कित्ता अगदी शेजारच्या गल्लीतला होता.

मिसरूड फुटण्याच्या वयात जेन्किन्स मुंबई इलाख्याच्या नोकरीत दाखल झाला. तिथून कलकत्त्याच्या फोर्ट विल्यम कॉलेजात भाषा शिकला आणि १८०४ साली दौलतराव शिंद्यांच्या दरबारी असलेल्या इंग्रज रेसिडेंटचा मदतनीस म्हणून गेला. वर्ष सरायच्या आत वरिष्ठ अधिकारी वेब वारला आणि एकोणिसाव्या वर्षी शिंद्यांच्या छावणीत कंपनीचा वकील म्हणून जेन्किन्स एकटा उरला. शिंद्यांचे सासरे सर्जेराव घाटगे यांना इंग्रजांशी झालेला तह खुपत होता. जानेवारी १८०५ मध्ये पेंढाऱ्यांनी रेसिडेंटच्या तळावर हल्ला करून तो लुटला. जेन्किन्सने छावणी सोडून जाण्याचा प्रयत्न केला तेव्हा त्याला वाटेतून परत आणून अडकवून ठेवले गेले. काही महिने तो नुसता ओलीस होता. मराठी दरबारांकडे तो जन्मभर संशयाने पाहत राहिला. त्याची मुळे या महिन्यांत असावीत असे मला वाटते, आणि या अनुभवानंतर ते अगदीच अस्वाभाविक म्हणता येणार नाही.

१८०७ मध्ये तो नागपूरला आला. त्याच्या आधी तिथे माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन होता, तोच जो पुढे पुण्याचा रेसिडेंट आणि मुंबईचा गव्हर्नर झाला. दोघांची दोस्ती आयुष्यभर टिकली आणि पत्रव्यवहारही. नागपुरात त्या वेळी रघुजी भोसले दुसरे राज्य करत होते. १८०३ च्या देवगावच्या तहात त्यांचा कटक आणि वऱ्हाडचा मुलूख गेला होता. उत्पन्न घटले, खर्च मात्र तसाच राहिला. मग उरलेल्या मुलखातून जमेल तितके काढण्यावर राजाचा भर राहिला. इंग्रज त्यांना मागे ‘बडा बनिया’ म्हणत. नवनवे कर निघाले आणि सावकारी व्यवहारात राजा स्वतः उतरला. त्याचा भार सगळ्यात जास्त पडला तो वैनगंगेच्या धानपट्ट्यासारख्या सुपीक भागावर. जेन्किन्सने हा काळ रेसिडेन्सीच्या खिडकीतून पाहिला. हस्तक्षेपाचा अधिकार नव्हता, कारण रघुजींनी तैनाती फौजेचा तह शेवटपर्यंत केला नाही.

रघुजी १८१६ मध्ये वारले आणि जेन्किन्सला हवी ती संधी मिळाली. मुलगा परसोजी दुर्बल, म्हणून चुलतभाऊ मुधोजी ऊर्फ आप्पासाहेब कारभारी झाले. दरबारातल्या विरोधकांच्या भीतीने त्यांनी त्याच वर्षी मे महिन्यात गुपचूप तैनाती फौजेचा तह केला. पुढच्या वर्षी फेब्रुवारीत परसोजी मेले, आप्पासाहेब राजे झाले आणि खुनाची कुजबुज सुरू झाली. नंतरचा क्रम शाळेच्या पुस्तकात असतो तो आहे. पेशव्यांनी ५ नोव्हेंबर १८१७ ला खडकीला एल्फिन्स्टनवर हल्ला केला. त्याच महिन्यात आप्पासाहेबांनी पेशव्यांकडून सेनासाहेबसुभा हा किताब आणि पोशाख दरबार भरवून घेतला. समारंभाला जेन्किन्सला बोलावणे होते, तो गेला नाही. २६ तारखेच्या संध्याकाळी सीताबर्डीच्या दोन टेकड्यांवर लढाई पेटली आणि दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत चालली. इंग्रजांकडे जेमतेम चौदाशे माणूस, भोसल्यांकडे त्याच्या कितीतरी पट, त्यात अरब पायदळ. इंग्रजांचे ३६७ मेले आणि जखमी झाले. मेलेल्यांत जेन्किन्सचा मदतनीस जॉर्ज सॉदबी होता. जेन्किन्स स्वतः टेकडीवर होता.

लढाई जिंकल्यावर त्याने आप्पासाहेबांना लगेच पदच्युत केले नाही. जानेवारी १८१८ मध्ये नवा तह करून, नर्मदेकडचा आणि वऱ्हाडातला उरलासुरला मुलूख काढून घेऊन, त्यांना पुन्हा गादीवर बसवले. त्यामागे दया नव्हती, सोय होती. नागपूरची गादी रिकामी करून सगळा मुलूख सांभाळायला त्याच्यापाशी माणसे नव्हती. पण आप्पासाहेबांचा पेशव्यांशी आणि डोंगरातल्या गोंड राजांशी पत्रव्यवहार चालूच आहे असे कळल्यावर १५ मार्चला त्यांना कैद केले. अलाहाबादकडे नेत असताना मे महिन्यात, शिपायाचा वेष घेऊन, ते निसटले. महादेवाच्या डोंगरात, तिथून अशीरगडाकडे, पुढे पंजाबात आणि शेवटी जोधपुरात असा त्यांचा प्रवास झाला. तिथेच १८४० मध्ये ते वारले. इकडे २६ जून १८१८ ला रघुजी दुसऱ्यांच्या मुलीचा मुलगा दत्तक देऊन रघुजी तिसरे म्हणून गादीवर बसवला. मुलगा दहा वर्षांचा. राजवाड्याची देखरेख आजी बाकाबाईंकडे, राज्याची जेन्किन्सकडे.

आता वैनगंगेच्या खोऱ्याकडे वळू. आप्पासाहेब निसटल्याची बातमी पसरताच पूर्वेकडे कामठ्याच्या जमीनदाराने, चिमणा पाटलाने, शस्त्र उपसले. हे कामठा म्हणजे नागपूरजवळची कामठी छावणी नव्हे. ते जुन्या भंडारा जिल्ह्यातले आणि १९९९ पासून गोंदिया जिल्ह्यात गेलेले गाव. चिमणा पाटलाची जमीनदारी मोठी होती, पदरी माणसे होती आणि गढी मजबूत होती. इंग्रजी तुकडीने १८१८ च्या सप्टेंबरात ती घेतली, आणि जमीनदारी पुढे एका लोधी घराण्याकडे गेली. त्या शतकभरात कामठ्याच्या लोधी जमीनदारांचे नाव गाजत राहिले ते या बदलामुळे. एका घराण्याची सत्ता उलथली आणि दुसरे उभे राहिले, तेही नागपुरातल्या एका कागदाने. जेन्किन्सच्या कारभारातला हा पहिला मोठा जमिनीचा निर्णय म्हणावा लागेल.

एवढ्यावर भागणारे नव्हते. मुलूख चालवायचा तर वसूल हवा, आणि वसूल कसा होतो हेच रेसिडेन्सीला नीट ठाऊक नव्हते. राज्याचे पाच जिल्हे पाडले गेले, त्यांतला एक वैनगंगेचा. प्रत्येकावर एक इंग्रज लष्करी अधिकारी सुपरिंटेंडंट म्हणून बसवला. त्याच्या हाताखाली मात्र जुनेच कमाविसदार, फडणीस आणि वऱ्हाडपांडे राहिले. नवी कायद्याची पुस्तके आणायची नाहीत, मराठी वहिवाट आहे तशी चालवायची आणि जुलूम तेवढा काढायचा, असे धोरण होते. एल्फिन्स्टन त्याच वर्षांत पुण्याकडे हेच करत होता. बंगालमध्ये कॉर्नवॉलिसने १७९३ मध्ये केलेल्या कायमधाऱ्याचे परिणाम या दोघांच्या पिढीने पाहिले होते.

सुपरिंटेंडंटांनी खेड्यांत जाऊन पाहिले तेव्हा दिसले ते असे. पुण्या-साताऱ्याकडे पाटलाला वतन होते, शिक्का होता, मान वंशपरंपरा चालत असे. नागपूर राज्यात, विशेषतः वैनगंगेकाठी, पाटील हा गावाचा वसूल भरून देण्याचा मक्तेदार झाला होता. वर्षाच्या सुरुवातीला कमाविसदार गावाची रक्कम ठरवी, पाटील ती कबूल करी, मग कुळांकडून वसूल करी आणि उरेल ते त्याचे. रक्कम वर्षाच्या मध्यातही वाढवली जाई. कबूल नसेल तर गाव दुसऱ्याला. जमिनीची मालकी म्हणाल तर ती राजाची, पाटलाची नव्हे आणि कुळाचीही नव्हे. जेन्किन्सच्या अहवालात ही स्थिती तपशिलाने नोंदली आहे. ज्याचे स्वतःचे घराणे बिकटनच्या मातीवर कागदोपत्री मालक म्हणून पिढ्यान्‌पिढ्या उभे होते, त्याने ‘इथे जमिनीला मालक नाही’ असे शांतपणे लिहावे, ही गोष्ट मला त्याच्या अहवालात सगळ्यात लक्षणीय वाटते. त्याने इथे श्रॉपशायर उभे करण्याचा प्रयत्न केला नाही.

त्याने केले ते बेताचे होते. किरकोळ कर काढले, हप्ते ठरवले, पावत्या द्यायला लावल्या, आणि पट्टे वर्षाऐवजी तीन वर्षांचे, पुढे पाच वर्षांचे केले. हे कागदावर क्षुल्लक दिसते. भंडाऱ्यात नाही. हा तलावांचा मुलूख. नवेगाव, शिवणी, सिरेगाव असे मोठमोठे तलाव कोहळी समाजाने कित्येक पिढ्यांपूर्वी बांधले. त्यांच्याशिवाय गावोगावी लहान तळी, बोड्या आहेत, आणि धानाचा भरवसा त्यांच्यावर. पाऊस भाद्रपदात दगा देतो तेव्हा धानाला शेवटचे पाणी तळ्यातूनच द्यावे लागते. तळे म्हणजे नुसते पाणी नव्हे. पाळ दर उन्हाळ्यात दुरुस्त करावी लागते, सांडवा साफ करावा लागतो, गाळ काढावा लागतो, आणि यातले काहीही एका वर्षात फिटत नाही. पुढच्या वर्षी गाव आपल्याकडे राहील की नाही हे माहीत नसलेला पाटील पाळीवर पैसे का घालील? बडा बनियाच्या काळात तळी का फुटत गेली याचे उत्तर इथे सापडते. पाच वर्षांच्या पट्ट्याने सगळे सुधारले असे म्हणणे भाबडेपणाचे होईल, पण निदान पाळ बांधणाऱ्याला तिचा उपयोग दिसण्याइतका अवधी मिळाला.

भंडाऱ्याची निवडही याच हिशेबातली दिसते. लांजी एका कोपऱ्यात, डोंगराच्या कुशीत. भंडारा वैनगंगेच्या काठावर आणि नागपूर-रायपूर वाटेवर. नागपूरहून निघालेला घोडेस्वार इथे लवकर पोचतो, छत्तीसगडचा माल याच वाटेने येतो. पवनी, मोहाडी, आंधळगाव इथले कोष्टी आणि तुमसरकडचा धानाचा बाजार हाकेच्या अंतरावर. लष्करी अधिकाऱ्याला याहून सोयीचे ठिकाण मिळाले नसते.

नागपुरातली शेवटची वर्षे जेन्किन्सने लिहिण्यात घालवली. ‘नागपूरच्या राजाच्या मुलखाचा अहवाल’ हे त्याचे पुस्तक १८२७ मध्ये कलकत्त्यात छापले गेले. त्यात जाती, पिके, माप-वजन, हुंड्या, व्यापार, कोर्टकचेऱ्या, भोसल्यांचा इतिहास असे सगळे आहे. सुपरिंटेंडंटांनी पाठवलेल्या जिल्हावार माहितीवर ते उभे आहे. छत्तीसगडातले पुराणे अवशेष आणि लेख त्याने एशियाटिक सोसायटीकडे धाडले तेही याच काळात. पूर्व विदर्भाच्या एकोणिसाव्या शतकाच्या प्रारंभावर लिहिणारा कोणीही या अहवालाला वळसा घालून जाऊ शकत नाही. अर्थात तो वाचताना एक गोष्ट ध्यानात ठेवावी लागते. आप्पासाहेबांच्या काळाबद्दल लिहिणारा माणूस हाच त्यांना गादीवरून काढणारा आहे.

लग्न त्याने उशिरा केले. ३१ मार्च १८२४ रोजी, एकोणचाळिसाव्या वर्षी, एलिझाबेथ हेलन स्पॉटिसवुडशी. तिचे वडील ह्यू स्पॉटिसवुड हे कंपनीच्याच मुलकी नोकरीत होते. हिंदुस्थानातल्या इंग्रज अधिकाऱ्यांच्या सोयरिकी अशाच होत. एका कचेरीतून दुसऱ्या कचेरीत. त्यामुळे वीस-पंचवीस आडनावे पिढ्यान्‌पिढ्या या देशाच्या दप्तरात फिरताना दिसतात. १ डिसेंबर १८२६ ला रघुजी तिसऱ्यांशी तह झाला, वयात आलेल्या राजाकडे कारभार परत देण्याचा क्रम सुरू झाला, आणि १८२७ मध्ये जेन्किन्स पत्नीसह मायदेशी निघाला. नागपुरात त्याची वीस वर्षे झाली होती. एवढा काळ एका दरबारी टिकलेले रेसिडेंट थोडेच.

बिकटनला परतल्यावर त्याने क्लाइव्हचा कित्ता गिरवला, फक्त गाजावाजा न करता. १८३० मध्ये श्रूजबरीतून तो पार्लमेंटात निवडून गेला आणि १८३१ मध्ये पुन्हा. मतदार थोडे, शहर जुने आणि आजूबाजूच्या जमीनदार घराण्यांचा शब्द वजनदार अशा त्या जागा असत. १८३२ च्या मोठ्या सुधारणा कायद्यानंतर तो काही वर्षे बाहेर राहिला, त्याच सुमाराला कंपनीच्या संचालक मंडळात गेला आणि १८३७ मध्ये कॉन्झर्व्हेटिव्ह म्हणून श्रूजबरीतूनच परतला. या काळात मानही मिळाले. ऑक्सफर्डने १८३४ मध्ये डॉक्टरेट दिली आणि १८३८ मध्ये बाथ सन्मानाचा सर्वोच्च वर्ग मिळून तो ‘सर रिचर्ड’ झाला. १८४१ मध्ये त्याने जागा सोडली तेव्हा त्याच शहराने ज्या दोघा कॉन्झर्व्हेटिव्हांना निवडले, त्यांतला एक बेंजामिन डिझरायली होता, पुढचा पंतप्रधान.

मराठी वाचकाच्या दृष्टीने महत्त्वाचे वर्ष १८३९. त्या वर्षी जेन्किन्स कंपनीचा अध्यक्ष होता आणि त्याच वर्षीच्या सप्टेंबरात साताऱ्याचे छत्रपती प्रतापसिंह यांना पदच्युत करून काशीला धाडण्यात आले. हा निर्णय मुंबईत गव्हर्नर कार्नॅकने घेतला. हा कार्नॅकही कंपनीचा माजी अध्यक्ष, म्हणजे या मंडळींचे वर्तुळ किती लहान होते पाहा. रंगो बापूजी गुप्ते साताऱ्याची दाद मागायला लंडनला जाऊन बसले ते या माणसांच्या दारात. एकवीस वर्षांपूर्वी नागपुरात एक भोसले राजा काढून दुसरा बसवणारा माणूस त्या मंडळाच्या खुर्चीत असल्यावर साताऱ्याच्या बाजूला तिथे कितपत कान मिळणार होता, हे सांगायला नको.

रघुजी तिसरे ११ डिसेंबर १८५३ ला नागपुरात वारले. औरस मुलगा नव्हता. त्यांना दहाव्या वर्षी गादीवर बसवणारा जेन्किन्स ३० डिसेंबरला लंडनजवळच्या ब्लॅकहीथमध्ये वारला. टपाल बोटीने यायला महिन्याहून जास्त लागे, तेव्हा पहिल्याच्या मृत्यूची बातमी दुसऱ्यापर्यंत पोचण्याचा प्रश्नच नव्हता. पुढच्या वर्षी डलहौसीने दत्तक नाकारून नागपूरचे राज्य खालसा केले. बाकाबाई अजून हयात होत्या. भोसल्यांच्या जडजवाहिराचा लिलाव झालेला त्यांनी पाहिला.

जमिनीच्या बाबतीत मात्र नव्या राजवटीने जेन्किन्सच्या नोंदीची उलटी बाजू धरली. १८६० च्या दशकातल्या बंदोबस्तात मध्य प्रांताच्या सरकारने गावाचा मक्ता ज्याच्या हाती होता त्याला मालगुजार म्हणून गावाचा मालक ठरवले. वर्षाच्या कराराने गाव धरणारा पाटील एका शिक्क्याने बिकटनच्या जेन्किन्सांसारखा जमीनदार झाला. त्याच्याबरोबर गावचे तळे, पडीक, जंगल आणि गावठाणही त्याचे झाले. काही मालगुजारांनी तळी नीट सांभाळली, कारण आता ती त्यांचीच होती. काहींनी कुळांना पिळले, कारण तीही जणू त्यांचीच होती. भंडाऱ्याच्या जुन्या गावांतले दगडी वाडे, मंदिरे आणि शाळांना दिलेल्या जागा याच शंभर वर्षांतल्या आहेत. कर्जखत, बेदखली आणि वेठ यांच्या कहाण्याही याच शंभर वर्षांतल्या.

हे सगळे १९५१ पर्यंत चालले. भंडारा तेव्हा ज्यात होता त्या मध्य प्रदेशाच्या १९५० च्या कायद्याने मालगुजारी गेली, ३१ मार्च १९५१ पासून गावे सरकारकडे आली, आणि तळीही. गावकऱ्यांचा निस्तारहक्क म्हणून तळ्याचे पाणी धानाला फुकट मिळत असे, त्यावर आता सरकार पाणीपट्टी मागू लागले. पाळ कोणी दुरुस्त करायची यावर पाटबंधारे खाते, जिल्हा परिषद आणि गाव एकमेकांकडे बोट दाखवू लागले. लोक या तळ्यांना आजही मामा तलाव म्हणतात, म्हणजे माजी मालगुजारी तलाव. त्यांतल्या बऱ्याच तलावांत गाळ भरला आहे, आणि बेशरमाची झुडपे माजली आहेत.